पाच भागीदारांची ‘प्रभात’

अमरावतीहून नागपूरकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर, मोझरी गावच्या माळावर, १९३५ साली तुकडोजी महाराजांनी गुरुकुंज आश्रमाची स्थापना केली. आणि त्याच्या पुढच्याच वर्षी, डिसेंबर १९३६ मध्ये, पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीचा ‘संत तुकाराम’ हा बोलपट मुंबईत प्रदर्शित झाला. या दोन घटनांमध्ये कार्यकारणाचा धागा मुळीच नाही. परंतु ज्याला अक्षरओळख नाही, ज्याच्या घरी पोथी नाही आणि ज्याच्या गावी शाळा पोहोचलेली नाही, अशा माणसाच्या अंतःकरणापर्यंत संतांची वाणी कशी न्यावी, हा जो प्रश्न मोझरीच्या माळावर खंजिरीच्या तालाने सोडविला जात होता, तोच त्याच काळात पुण्याच्या एरंडवण्यात कॅमेरा, ध्वनियंत्र आणि रंगविलेले देखावे यांच्या साहाय्याने सोडविला जात होता. गुरुकुंजाच्या सामुदायिक प्रार्थनेत लहानपणापासून बसत आलेल्या माझ्यासारख्या वऱ्हाडी माणसाला ‘प्रभात’चा इतिहास वाचताना म्हणूनच एक निराळे कुतूहल वाटते. अनेकांनी मिळून एक काम उभारावे, त्यात प्रत्येकाने आपला अहंकार विसर्जित करावा, आणि तरीही प्रत्येकाचा हात त्या कामात ओळखू यावा, ही किमया त्या पाच माणसांना कशी साधली, आणि साधलेली ती किमया अखेर त्यांच्या हातून का निसटली, हे समजून घेण्याचा हा प्रयत्न आहे.

चित्रपटाचा निर्माता म्हटले की आज आपल्या डोळ्यांपुढे पैशाची थैली सोडणारा एखादा धनिक उभा राहतो. मराठी चित्रसृष्टीच्या आरंभी या शब्दाचा अर्थ असा नव्हता. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली ‘राजा हरिश्चंद्र’ पडद्यावर आणला, तेव्हा विम्याची पॉलिसी गहाण टाकणारे तेच आणि नटांना अभिनय शिकविणारेही तेच होते. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने दिले आणि फिल्म धुण्यापासून माणसांना जेवू घालण्यापर्यंतचे सारे कष्ट उपसले. पुढे १९१८ साली भांडवलदार भागीदारांसह फाळक्यांनी हिंदुस्थान फिल्म कंपनी काढली. परंतु ज्यांचा पैसा होता त्यांना कलेची जाण नव्हती आणि ज्यांची कला होती त्यांना पैशाचा जाब मान्य नव्हता, त्यामुळे थोड्याच काळात खटके उडाले आणि फाळके काही वर्षे कंपनीपासून दूर झाले. कर्तृत्व एकाकडे आणि तिजोरी दुसऱ्याकडे असली की भागीदारी टिकत नाही, हा धडा मराठी चित्रव्यवसायाला असा प्रारंभीच मिळाला होता.

दुसरा धडा कोल्हापुरात मिळाला. तेथे बाबूराव पेंटर या असामान्य कलावंताने नात्याने भाऊ लागणारे आनंदराव मेस्त्री यांच्यासह सिनेमाचे स्वप्न पाहिले होते. आनंदराव १९१६ साली अकाली निवर्तले. पण बाबूरावांनी सहकाऱ्यांच्या मदतीने देशी कॅमेरा तयार केला, तानीबाई कागलकर या गायिकेच्या आर्थिक साहाय्याने महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली, आणि १९२० साली ‘सैरंध्री’ने रसिकांची मने अशी जिंकली, की लोकमान्य टिळकांनी त्यांना ‘सिनेमा-केसरी’ म्हणून गौरविले. त्या कंपनीत पगारापेक्षा विद्या अधिक मिळे. कारागिरीत मुरलेले विष्णुपंत दामले, चित्रकलेत निष्णात असलेले शेख फत्तेलाल, छायालेखक केशवराव धायबर आणि हुबळीच्या रेल्वे कारखान्यात व एका सिनेमागृहात उमेदवारी करून आलेला शांताराम वणकुद्रे हा तरुण, हे चौघेही बाबूरावांच्या हाताखाली तयार झाले. झाडणे-पुसणे, देखावे रंगविणे, फिल्म धुणे, दाढीमिशा चिकटविणे, घोड्यावरून पडणे आणि गरज पडल्यास स्वतः भूमिका करणे, असे कोणतेही काम तेथे हलके मानले जात नसे. परंतु बाबूराव जितके थोर कलावंत, तितकेच व्यवहारात मनस्वी. चित्र कधी सुरू होईल आणि कधी पुरे होईल याचा नेम नसे. शिष्यांच्या मनात गुरूविषयी अपार आदर होता, पण आपल्या आयुष्याची उमेदीची वर्षे अनिश्चिततेत चालली आहेत ही खंतही होती. या दोन भावनांच्या ओढाताणीतूनच नव्या कंपनीचा विचार जन्मला.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली. चौघांपाशी विद्या होती, पैसा नव्हता. तो सीताराम कुलकर्णी या कोल्हापुरातील सराफाने पुरविला आणि पाचवा भागीदार म्हणून तो त्यांच्यात सामील झाला. येथे फाळक्यांच्या वाट्याला आलेला प्रसंग टळला, कारण या भागीदारीत एक शहाणपणाची वाटणी होती. शांतारामांनी दिग्दर्शन करावे, धायबरांनी कॅमेरा सांभाळावा, फत्तेलालांनी देखावे आणि वेशभूषा पाहावी, दामल्यांनी यंत्रे, प्रयोगशाळा आणि पुढे ध्वनिमुद्रण यांचा भार वाहावा, आणि कुलकर्ण्यांनी जमाखर्च व देवघेव यांचा हिशेब चोख ठेवावा. पाचही जण निर्माते होते, पण पाचांपैकी एकही जण नुसता मालक नव्हता. ज्याच्या हातात कुंचला आहे त्यालाच नफ्या-तोट्याचीही फिकीर, आणि ज्याच्यापाशी तिजोरीची किल्ली आहे तोही रात्रभर चाललेल्या चित्रीकरणाला हजर, असे हे संयुक्त कुटुंब होते. फत्तेलालांना सारी कंपनी ‘साहेबमामा’ म्हणे आणि दामल्यांना ‘दामलेमामा’. या दोन मामांची, एका मुसलमान चित्रकाराची आणि एका ब्राह्मण यंत्रज्ञाची, जोडी पुढे इतकी एकजीव झाली, की दामले-फत्तेलाल हे एकाच माणसाचे नाव असावे अशा रीतीने ते उच्चारले जाऊ लागले.

‘गोपालकृष्ण’ हे पहिले चित्र त्याच वर्षी पुरे झाले. त्यामागून दोन वर्षांत आणखी पाच मूकपट आले. त्यांतल्या एकाचे मूळ नाव ‘स्वराज्याचे तोरण’ असे होते; स्वराज्य हा शब्दच इंग्रजी अंमलदारांना खुपला, आणि शिवछत्रपतींच्या त्या चित्राला ‘उदयकाल’ हे नाव घेऊन पडद्यावर यावे लागले. परकीय सत्तेच्या छायेत काम करताना शब्द बदलावा, पण आशय ढळू देऊ नये, ही युक्ती ‘प्रभात’ने तेव्हापासूनच आत्मसात केली. पुढे १९३५ साली एकनाथांवरील चित्राचे ‘महात्मा’ हे नाव सेन्सॉरला गांधीजींमुळे सलू लागले, तेव्हा त्याचे ‘धर्मात्मा’ झाले. पण अस्पृश्याच्या घरी जेवणारा एकनाथ जसा होता तसाच राहिला.

१४ मार्च १९३१ रोजी ‘आलम आरा’ने हिंदी पडदा बोलका केला आणि मूकपटाचे सारे कसब एका रात्रीत जुने झाले. ज्या कंपनीने नुकताच कुठे जम बसविला होता, तिला पुन्हा श्रीगणेशा करणे भाग पडले. नवी यंत्रे आणायची तर मोठे भांडवल हवे, आणि नट निवडायचे तर केवळ देखणा चेहरा पुरेसा नाही, शुद्ध वाणी आणि गळाही हवा. ‘प्रभात’ने १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत काढला. गोविंदराव टेंबे यांच्यासारखा संगीतज्ञ हरिश्चंद्राच्या भूमिकेत उभा राहिला, आणि मुंबईच्या एका प्रतिष्ठित, सुशिक्षित घरातील दुर्गा खोटे तारामती झाल्या. कुलीन स्त्रीने सिनेमात काम करणे म्हणजे अब्रूचा प्रश्न होता तो काळ. तिने सिनेमात यावे आणि आल्यावर तिला सन्मानाची वागणूक मिळावी, ही दुहेरी जबाबदारी निर्मात्यांवर होती, आणि ती त्यांनी कशी पार पाडली हे ‘मी, दुर्गा खोटे’ या आत्मचरित्राच्या वाचकांस सांगावयास नको.

यश मिळाले तसे कोल्हापूर अपुरे वाटू लागले. कच्ची फिल्म, यंत्रांचे सुटे भाग आणि मोठी चित्रगृहे हे सर्व मुंबईत होते. मुंबईच्या धकाधकीत राहायचे नाही, पण तिच्यापासून फार दूरही राहायचे नाही, म्हणून पुणे पसंत पडले. १९३३ साली कंपनीने आपले बिऱ्हाड हलविले आणि एरंडवण्याच्या त्या वेळच्या मोकळ्या रानात एक नगरीच वसविली. भव्य चित्रीकरणगृह, प्रयोगशाळा, ध्वनिमुद्रणाची सोय, सुतारकाम आणि रंगकाम यांचे कारखाने, तळे, बाग, नटांच्या तालमींची जागा असा सारा सरंजाम एकाच आवारात उभा राहिला. बापू वाटवे यांनी आपल्या पुस्तकास ‘एक होती प्रभातनगरी’ असे नाव दिले ते सर्वथा यथार्थ आहे. नगरीला जसा कायदा असतो तसा येथेही होता. नट असो वा सुतार, प्रत्येकजण मासिक तनख्याचा नोकर. वेळेवर यायचे, वेळेवर जायचे, आणि भागीदारांनीही त्या शिस्तीबाहेर राहायचे नाही. एक चित्र संपले की दुसऱ्याची जुळवाजुळव त्याच माणसांनी करायची. त्यामुळे एका चित्रात झालेली चूक पुढल्या चित्रात सुधारली जाई आणि अनुभव वाया जात नसे.

याच सुमारास कंपनीने एक धाडस केले आणि ते अंगाशी आले. ‘प्रभात’च्या स्वतःच्या ‘सैरंध्री’ या बोलपटाच्या रंगीत प्रती काढण्यासाठी शांताराम जर्मनीला गेले. परंतु रंग मनासारखे उतरले नाहीत आणि पैसा व श्रम दोन्ही फुकट गेले. एखादी दुबळी संस्था एवढ्या धक्क्याने कोलमडली असती. पण त्या प्रवासात शांतारामांनी जर्मन चित्रपटातील छायाप्रकाशाचा नाट्यमय खेळ डोळे भरून पाहिला होता, आणि पुण्याच्या नव्या वास्तूत तयार झालेल्या १९३४ च्या ‘अमृतमंथन’मध्ये त्या पाहण्याचे सोने झाले. पडदाभर व्यापून राहिलेला चंद्रमोहनचा तो जळजळीत डोळा ज्यांनी पाहिला, त्यांना तो जन्मभर विसरता आला नाही. हिंदीत या चित्राने रौप्यमहोत्सव साजरा केला. बुडालेल्या पैशाचा हिशेब कुलकर्ण्यांच्या वहीत तोट्याच्या रकान्यात गेला असेल, पण त्यातून मिळालेली दृष्टी जमेच्या बाजूस पडली. निर्मात्याचा खरा कस अशाच वेळी लागतो: अपयश आले म्हणून माणूस काढून टाकावा की त्यातून अनुभव उचलावा, याचा निर्णय त्याला करावा लागतो.

आता ‘संत तुकाराम’कडे वळू, कारण ‘प्रभात’ने दुसरे काहीही न करता एवढे एकच चित्र काढले असते, तरी तिचे नाव राहिले असते. या वेळी शांताराम दिग्दर्शक नव्हते. पडद्यामागे यंत्रे आणि कुंचले सांभाळणाऱ्या दोन मामांनी हे चित्र आपल्या अंगावर घेतले, आणि भागीदारांनी ते त्यांच्या हाती निःशंकपणे सोपविले. शिवराम वाशीकरांनी कथा-संवाद लिहिले, केशवराव भोळ्यांनी संगीत दिले, शांताराम आठवल्यांनी गीते रचली. आणि त्यांतले एक गीत इतके तुकोबांच्या वळणाचे उतरले, की जाणत्या लोकांनाही ते गाथेतलाच अभंग वाटले. तुकारामाच्या भूमिकेसाठी विष्णुपंत पागनीस निवडले गेले; संगीत रंगभूमीवर स्त्रीभूमिका करून आलेल्या या नटाच्या हालचालीतील मार्दवच तुकोबांच्या निरागसतेचे रूप झाले. जिजाईच्या भूमिकेत गौरी होती. कंपनीत अगदी किरकोळ कामापासून वर आलेली ही बाई अभिनयाचे कोणतेही शास्त्र शिकली नव्हती, पण संसाराचा गाडा एकटीने ओढणाऱ्या कष्टकरी बायकोचा संताप आणि माया तिने अशी साकारली, की देवाला पायताण दाखविणाऱ्या जिजाईपुढेही प्रेक्षकांनी हात जोडले.

मुंबईच्या सेंट्रल चित्रगृहात हे चित्र वर्षाहून अधिक काळ चालले. एकाच चित्रगृहात इतका दीर्घकाळ तोवर एकही भारतीय चित्रपट टिकला नव्हता. १९३७ साली व्हेनिसच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात त्याचा गौरव झाला. परंतु त्याचे खरे राज्य चालले ते तालुक्याच्या गावांत आणि फिरत्या तंबूंत. मध्यप्रांत व वऱ्हाड हा चित्रपट-वितरणाचा एक स्वतंत्र इलाखा मानला जाई आणि अमरावती हे त्या व्यवहाराचे एक प्रमुख ठाणे होते. कीर्तनाला बसावे तसे लोक या चित्राला बसत, आणि पडद्यावर विठ्ठल दिसला की हात आपोआप जोडले जात. जे वारीला जाऊ शकले नाहीत त्यांच्याकडे देहू चालत आले, असेच म्हणावयास हवे.

संतपटांनी मिळविलेला लोकांचा विश्वास ‘प्रभात’ने सामाजिक प्रश्नांसाठी खर्च केला, हे तिच्या निर्मितीधोरणाचे सर्वांत मोठे वैशिष्ट्य होय. १९३७ सालचा ‘कुंकू’ ना. ह. आपट्यांच्या कादंबरीवर आधारलेला. जरठकुमारी विवाहाला न जुमानणारी त्यातली नीरा शांता आपट्यांनी उभी केली, आणि शांतारामांनी त्यात पार्श्वसंगीताला फाटा देऊन घड्याळाची टिकटिक, पावलांचा आवाज, घरातली भांडी यांच्याच नादातून घुसमट ऐकविली. १९३९ च्या ‘माणूस’मध्ये पोलीस शिपाई आणि वेश्या यांची कथा शाहू मोडक आणि शांता हुबळीकर यांनी सांगितली. धंद्याच्या दृष्टीने हे विषय जोखमीचे होते. परंतु एका चित्राने भरलेली तिजोरी दुसऱ्या चित्राच्या साहसाला तारण राहावी, हा ‘प्रभात’चा अलिखित दंडक होता.

या वैभवाला एक दुसरी बाजूही होती, आणि इतिहास सांगताना ती झाकून ठेवणे योग्य नव्हे. ज्या करारनाम्यांनी नटांना स्थैर्य दिले, त्यांनीच त्यांचे पायही बांधले. १९३९ साली शांता आपट्यांचा कंपनीशी कराराच्या बाबतीत तंटा झाला आणि पडद्यावर अन्यायाशी झुंजणारी ती नीरा स्टुडिओच्या फाटकाशी उपोषणास बसली. कंपनी हे कुटुंब आहे असे भागीदारांनी म्हणावे आणि त्यांना तसे मनापासून वाटावेही. पण कुटुंबातील सगळ्यांचा वाटा सारखा नसतो, ही जाणीव त्या उपोषणाने सर्वांना करून दिली.

‘प्रभात’च्या या ऐन दुपारी दोन वऱ्हाडी माणसे तिच्या कथेत ठळकपणे येतात. गजानन जागीरदार आणि विश्राम बेडेकर हे दोघेही अमरावतीचे. बेडेकर १९०६ चे आणि जागीरदार १९०७ चे. जागीरदार मूकपटाच्या दिवसांतच कंपनीच्या परिचयाचे झाले होते. बेडेकर नाट्यव्यवसायातून चित्रपटाकडे वळले, त्याची विद्या घेण्यासाठी विलायतेस गेले, आणि १९३९ साली ‘रणांगण’ ही मराठीतील एक अपूर्व कादंबरी लिहून मोकळे झाले. अमरावतीतील त्यांचे बालपण ज्यांना जाणून घ्यायचे असेल त्यांनी ‘एक झाड आणि दोन पक्षी’ हे आत्मचरित्र अवश्य वाचावे. १९४१ सालच्या ‘शेजारी’ या चित्राचे लेखन बेडेकरांचे होते. एका गावातील हिंदू आणि मुसलमान असे दोन जिवलग शेजारी, धरण बांधू पाहणाऱ्या भांडवलदाराच्या कारस्थानाने दुरावतात आणि अखेर फुटलेल्या धरणाच्या लोंढ्यात एकमेकांचा हात धरून जातात, अशी ती कथा. त्यातील मिर्झा जागीरदारांनी रंगविला. आणि ‘पडोसी’ या हिंदी आवृत्तीत तर मिर्झा झाले जागीरदार आणि हिंदू ठाकूर झाले मजहर खान. फाळणीच्या मागणीने देश ढवळून निघत असताना ही अदलाबदल म्हणजे निर्मात्यांचे न बोलता केलेले भाषण होते. त्या वर्षांत तुकडोजी महाराज खेडोपाडी भजनांतून जातीय सलोख्याचे जे आर्जव करीत होते, तेच आर्जव ‘शेजारी’च्या पडद्यावरून चालले होते, आणि ते लिहिणारा व बोलून दाखविणारा, दोघेही आमच्याच मुलखातले होते, याचा अभिमान मला वाटतो.

परंतु पडद्यावर धरण फुटत होते तेव्हाच खुद्द कंपनीचा बांधही खचत चालला होता. धायबर ‘राजपूत रमणी’ या चित्रानंतर पूर्वीच बाहेर पडले होते. वितरणव्यवसायातील बाबूराव पै भागीदारीत आले आणि जुन्या पाचांचा मेळ बदलला. शांतारामांची कीर्ती इतकी वाढली होती, की लोक ‘प्रभात’ आणि शांताराम यांत भेद करीनासे झाले, आणि जिथे पाच सारखे धनी तिथे एकाच नावाचा उदो होऊ लागला की मनात गाठी पडतातच. कंपनीतील कलावतींशी भागीदारांनी अंतर राखावे असा आपसांतील दंडक होता, असे त्या काळच्या आठवणींत नमूद आहे. शांतारामांनी १९४१ साली अभिनेत्री जयश्री यांच्याशी विवाह केला आणि तीही एक ठिणगी ठरली. एकालाच दोषी ठरविणे सोपे आहे, पण न्याय्य नाही. शांतारामांच्या ‘शांतारामा’ या आत्मकथनात त्यांची बाजू आहे आणि इतरांच्या आठवणींत इतरांची. दोन्ही वाचून निष्कर्ष निघतो तो एवढाच, की तेरा वर्षे ज्या विश्वासावर करारनामा चालला तो विश्वास संपल्यावर कागद उरला. १९४२ साली शांताराम ‘प्रभात’ सोडून मुंबईस गेले.

तेथे परळला त्यांनी वडील राजाराम आणि आई कमल यांच्या नावांवरून राजकमल कलामंदिर उभारले आणि तेथे ते एकटे निर्माते झाले. १९४३ सालची ‘शकुंतला’ मुंबईत दोन वर्षे चालली. सोलापूरचे डॉक्टर द्वारकानाथ कोटणीस जपानी आक्रमणाच्या काळात चीनमध्ये रुग्णसेवा करता करता निवर्तले. त्यांच्या जीवनावरील चित्रात १९४६ साली शांताराम स्वतःच कोटणीस झाले. ‘अमर भूपाळी’, ‘दो आँखे बारह हाथ’ अशी त्यांची पुढची वाटचाल सर्वज्ञात आहे. यांपैकी दुसरे चित्र औंध संस्थानच्या स्वतंत्रपूर येथील मुक्त तुरुंगाच्या प्रयोगावर आधारलेले, आणि १९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात गौरविलेले. एकछत्री कारभारात निर्णय झटपट होतात आणि एका प्रतिभेचा ठसा लख्ख उमटतो, हे ‘राजकमल’ने सिद्ध केले. परंतु ‘संत तुकाराम’ हे चित्र ‘राजकमल’मध्ये होऊ शकले असते काय, असे कोणी विचारले तर मला नाही म्हणावे लागेल, कारण त्यासाठी मुख्य दिग्दर्शकाने बाजूला सरून दोन अबोल मामांना पुढे जाऊ द्यावे लागते, आणि तसे सरणे भागीदारीतच घडते.

शांतारामांच्या पश्चात ‘प्रभात’ एकदम मेली नाही. १९४४ साली ‘रामशास्त्री’ आला, आणि त्यात पुन्हा आमचे दोघे अमरावतीकर होते. चित्र पुरे होईपर्यंत राजा नेने, बेडेकर आणि जागीरदार अशा तिघांचे दिग्दर्शनाचे हात त्यास लागले. अखेरचा आकार जागीरदारांनी दिला आणि रामशास्त्री प्रभुण्यांची भूमिकाही त्यांनीच केली. नारायणराव पेशव्यांच्या खुनाबद्दल प्रत्यक्ष राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सुनावणारा तो न्यायाधीश, बेचाळीसच्या चळवळीत तुरुंग भोगून आलेल्या लोकांनी पडद्यावर पाहिला, तेव्हा सत्तेपुढे ताठ उभे राहणे म्हणजे काय याचा अर्थ त्यांना कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. तुकडोजी महाराजही त्याच चळवळीत नागपूर आणि रायपूरच्या तुरुंगांत राहून आले होते.

‘रामशास्त्री’ हे मावळत्या सूर्याचे तेज ठरले. १९४५ साली दामले निवर्तले आणि यंत्रांचा आत्माच गेला. युद्धामुळे कच्च्या फिल्मवर सरकारी नियंत्रण आले. युद्धात अमाप पैसा मिळविलेले लोक चित्रपटात उतरले, आणि त्यांनी नटांना एकेका चित्रासाठी एवढ्या रकमा देऊ केल्या, की मासिक तनख्याची पद्धत हास्यास्पद वाटू लागली. ज्याला एवढी मोठी वास्तू, प्रयोगशाळा आणि शेकडो माणसे वर्षभर पोसायची आहेत, तो निर्माता अशा बाजारात टिकाव धरू शकत नव्हता. १९४६ च्या ‘हम एक हैं’मध्ये देव आनंद प्रथम पडद्यावर आला, आणि तेथेच त्याची व गुरुदत्तची मैत्री झाली. नव्या युगाची रोपे ‘प्रभात’च्याच वाफ्यात रुजली, पण त्यांची फळे दुसरीकडे धरली. १९५३ साली कंपनीचा कारभार बंद झाला.

हा ऱ्हास केवळ आपल्याकडचाच म्हणता येणार नाही. १९५५ साली तुकडोजी महाराज विश्वधर्म परिषदेनिमित्त ज्या जपानला जाऊन आले, त्या देशातही चित्रपट मोठमोठ्या कंपन्यांतील पगारी कलावंतच घडवीत होते. ‘संत तुकाराम’च्या गौरवानंतर चौदा वर्षांनी, १९५१ मध्ये, त्याच व्हेनिसला अकिरा कुरोसावांच्या ‘राशोमोन’ने सर्वोच्च पारितोषिक पटकाविले, ते चित्र दाईएई कंपनीचे होते, आणि तिचे प्रमुख मासाइची नागाता यांना प्रथम त्याचा अर्थही नीट उमगला नव्हता, असे सांगतात. दूरचित्रवाणीच्या लाटेत पुढे दाईएईची सद्दी संपली आणि १९७१ साली तिचे दिवाळे निघाले. आजच्या जपानात एकेका चित्रासाठी प्रकाशक, वितरक, दूरचित्रवाणी अशा अनेक कंपन्या मिळून निर्मिती-समिती स्थापन करतात, जोखीम वाटून घेतात आणि चित्र पुरे झाल्यावर हक्कांचे वाटप करून मोकळ्या होतात. ही व्यवस्था हिशेबाला चोख आहे. पण जोखीम वाटली जाते तशी जबाबदारीही विखुरली जाते. उलट १९८५ साली स्थापन झालेल्या घिब्ली या चित्रसंस्थेत मियाझाकी आणि ताकाहाता या दोन दिग्दर्शकांमागे निर्माता म्हणून तोशिओ सुझुकी वर्षानुवर्षे खांद्याला खांदा लावून उभे राहिले, आणि त्यातून जे घडले ते जगाने पाहिले. भांडवल अनेकांचे असले तरी चालते. चित्राची काळजी मात्र नावागावाच्या माणसांनी, रोज समोरासमोर बसून, वाहावी लागते.

‘प्रभात’च्या पाचांनी ती तशी वाहिली होती. त्यांचे चुकले ते एका ठिकाणी: आपल्यामागे काम कसे चालावे, याची तरतूद त्यांच्या करारनाम्यात नव्हती. त्यांची भागीदारी परस्परांच्या स्नेहावर उभी होती, आणि स्नेह वारसाहक्काने मिळत नाही. गुरुकुंजात आम्ही हे निराळ्या रीतीने पाहिले आहे. १९६८ साली महाराजांचे निर्वाण झाले, तरी सायंकाळची सामुदायिक प्रार्थना थांबली नाही. कारण त्यांनी हयातीतच काम आश्रमाच्या सेवामंडळाच्या हवाली केले होते आणि प्रार्थनेत ज्याला त्याला आसन मिळेल अशी वहिवाट घालून दिली होती. आश्रम आणि व्यापारी कंपनी यांची तुलना एका मर्यादेपलीकडे करू नये, हे मी जाणतो. तरी माणसे एकत्र आणणे आणि एकत्र राहण्याची रीत मागे ठेवणे ही दोन भिन्न कर्तृत्वे आहेत, एवढे या दोन इतिहासांवरून कळते.

आणि तरीही ‘प्रभात’ने मागे काहीच ठेवले नाही असे म्हणणे कृतघ्नपणाचे होईल. एरंडवण्यातील ती वास्तू पुढे सरकारकडे आली, आणि १९६० साली तेथेच फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. जेथे दामलेमामा आवाज टिपत आणि साहेबमामा देऊळ रंगवीत, तेथे देशभरातील मुले चित्रपटाची विद्या घेऊ लागली. त्या विद्यालयाचे पहिले प्राचार्य झाले अमरावतीचे गजानन जागीरदार. ज्या आवारात त्यांनी तनखा घेतला, मिर्झाची दाढी लावली आणि रामशास्त्र्यांचे पागोटे घातले, त्याच आवारात ते आता गुरुजी म्हणून परतले होते, आणि बाबूराव पेंटरांनी चौघांना जे शिकविले, चौघांनी शेकडोंना जे शिकविले, ते आता कोणत्याही भागीदाराच्या सहीवाचून, येईल त्या विद्यार्थ्यास शिकविले जाणार होते.